चोवीस चौकटींचा कागद

बुलढाण्याच्या माझ्या घरात, दार उघडून आत आलं की समोरच दिसेल अशा जागी, एक लॅमिनेट केलेला कागद सहा-सात महिने टांगलेला होता. त्यावर माझ्या मायच्या हातचे चोवीस शब्द होते. घरी कुणी आलं की मी तो दाखवायचो. म्हणायचो, "साठी उलटल्यावर लिहायला शिकली." लोक कौतुक करायचे. कुणी जवळ जाऊन वाचायला लागलं आणि गोंधळलं, तर मी हसून सांगायचो, "सरावाचे शब्द आहेत, त्यांना अर्थ नाही."

त्या कागदाला अर्थ होता. तो मला लागला नाही, आणि जो लागला तो मी माझ्या सोयीनं लावला.

मी एका कचेरीत आवक-जावक बघतो. येणारा प्रत्येक कागद माझ्या टेबलावरून पुढे जातो. माणसं येतात, उभ्या उभ्या गाऱ्हाणं सांगायला लागतात, आणि मी मान वर न करता म्हणतो, "तोंडी चालत नाही, लेखी द्या." इतक्या वर्षांत हे वाक्य माझ्या तोंडात असं बसलं आहे की घरीही निघून जातं. आमच्या घरात पदवीपर्यंत शिकलेला मी पहिलाच. बाबांना सही येत होती, मायचा अंगठा होता. ताईला, म्हणजे माझ्या मोठ्या बहिणीला, सातवीतून काढलं आणि मायसोबत लोकांच्या वावरात निंदायला पाठवलं. मी मात्र अमडापूरला शाळेत, मग चिखलीला, मग बुलढाण्याला शिकत गेलो. माझ्या शिक्षणामागे कुणाकुणाचे हात आहेत हे मी कितीतरी कार्यक्रमांत बोलून दाखवलेलं आहे. बोलताना माझा आवाजही भरून येतो.

बाबा गेल्यावर वावराच्या उताऱ्यावर आम्हा तिघांची नावं लागली: माय, ताई आणि मी. वावर मोठं नाही. एक अंग नदीकडं, हलक्या जमिनीचं. दुसरं अंग विहिरीकडं, जिथं रब्बीतही काहीतरी उभं राहतं. आमच्याकडे अशा वेळी काय होतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. भाऊ बहिणीला हक्कसोडपत्रावर सही करायला बोलावतो, बहीण करते, भाऊ साडी घेतो, आणि माहेर उघडं राहतं. न करणाऱ्या बहिणीचं नाव भावकीत वर्षभर चघळलं जातं. सगळं एका नावावर असलं की योजनेचे कागद सोपे होतात, असं मी स्वतःला सांगत होतो. ते खरंही होतं.

मायनं मात्र विषय काढला होता. एकदा स्वयंपाक करताना, एकदा मला एसटीत बसवून देताना, आणि तिसऱ्यांदा ओट्यावर, मी फोनवर काहीतरी बघत असताना.

"बाबू, वावराचं बोलाचं होतं."

"बोल ना."

"तुह्या बहिणीचं..."

"माय, तोंडी बोलून काय होते? हे सगळं लेखी लागते. लेखी दे, मंग पाहू."

"लेखी?"

"हाव, लेखी."

मी रागात बोललो नव्हतो. पण तिला लिहिता येत नाही हे मला माहीत होतं, आणि माहीत होतं म्हणूनच मी तसं म्हणालो होतो. हे एक वाक्य लिहायला मला आज सकाळपासून वेळ लागला आहे.

त्या थंडीत गावच्या अंगणवाडीत मोठ्या बायकांचा साक्षरतेचा वर्ग सुरू झाला आणि माय जायला लागली. मला फोनवर कळायचं. "आज 'ळ' आला मले," ती सांगायची, "लई वेटोळा हाय पण आला." मी कचेरीत सांगितलं तेव्हा सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. ती का शिकते आहे हे मी विचारलं नाही. शिकणं चांगलंच असतं, त्याला कारण कशाला, असं मला वाटलं.

महाशिवरात्रीच्या आसपास ती एकटी एसटीनं बुलढाण्याला आली. पिशवीतून प्लास्टिकची थैली काढली, थैलीतून घडी घातलेला कागद. पट्टीनं आखलेल्या चौकटी होत्या, आडव्या चार, उभ्या सहा. वर्गात शिकवणाऱ्या मॅडम असाच कागद आखून द्यायच्या. वरच्या चौकटीत एक शब्द लिहून द्यायचा आणि तो खाली खाली उतरवत जायचा, असा सराव असे. मायनं या कागदाच्या प्रत्येक चौकटीत पेन्सिलीनं दाबून एकेक शब्द लिहिला होता.

"हे घे," ती म्हणाली. "लेखी."

मी बायको आणि मुलीसमोर मोठ्यानं वाचलं, जसं कुणीही वाचेल तसं, डावीकडून उजवीकडे.

बाबू, नको, तिनं, राह्यली.
वावर, घेऊ, माह्यासंगं, देऊन.
दोघायचं, सही, पात, लेखी.
आहे, तिची, धरली, मी.
तुले, विहिरीकडचं, म्हणून, हे.
नदीकडचं, पोरीले, तू, शिकला.

मुलगी खुदकन हसली, मग बायको हसली, मग मी. मायनं आमच्याकडे बघितलं आणि पदर तोंडाला लावून तीही थोडं हसली.

"बराबर हाय ना?"

"एकदम बरोबर. शाब्बास, माय." पहिलीच्या लेकराला म्हणतात तसं म्हणालो मी.

"समजलं ना तुले?"

"समजलं."

"मंग तसंच करजो."

"हाव."

ती निवांत झाली. दोन घास जास्त जेवली आणि दुसऱ्या दिवशी गावाला गेली.

तिचं "तसंच करजो" मात्र माझ्या डोक्यात राहिलं. सरावाच्या शब्दांनंतर असं कुणी म्हणत नाही. मी कागदाचा फोटो काढून कचेरीत नेला. शेजारच्या टेबलावरचा सहकारी रोज डब्यानंतर वर्तमानपत्रातलं शब्दकोडं सोडवतो. त्यानं चष्मा कपाळावर चढवला आणि कामाला लागला. शेवटून सुरुवातीकडे वाचून पाहिलं. एकाआड एक शब्द घेतले. कोपऱ्यातून कोपऱ्यात तिरपं गेला.

"काकूंनी जबरी कोडं घातलं बे," तो म्हणाला. "तू बी.ए. झाला ना मराठीत? मंग सोडव. नाहीतर डिग्री वापस कर."

टेबलाभोवती चौघं जमले. कुणी म्हणालं, मंत्र आहे. कुणी म्हणालं, वयानं होतं असं, एकदा डॉक्टरला दाखव. मी त्यांच्यासोबत हसलो. सगळ्या कचेरीला पुरेल एवढं हसलो.

मग एका रविवारी दुपारी मी चोवीस चिठ्ठ्या केल्या, एकेका चिठ्ठीवर मायचा एकेक शब्द, आणि जमिनीवर मांडून बसलो. तास-दीड तास त्या इकडून तिकडे सरकवल्या. आणि वाक्य जमलं: "बाबू, वावर तुले देऊन राह्यली मी. पोरीले नको. तिची सही घेऊ. हे लेखी आहे."

मी बायकोला हाक मारली. तिनं वाचलं. "आणि या उरलेल्या?" तिनं विचारलं. दहा चिठ्ठ्या बाजूला पडल्या होत्या.

"त्या सरावाच्या असतील," मी म्हणालो.

कचेरीत एखाद्या अर्जाला एक जोडपत्र कमी असलं तर मी तो परत करतो. इथं चोवीसातले दहा शब्द हातात उरले होते आणि मी कोडं सुटलं म्हणून उठलो. दहाही चिठ्ठ्या पाकिटात घालून कपाटात ठेवल्या. मायला एक फोन केला असता तर दोन मिनिटांत उलगडा झाला असता. फोन खिशातच होता.

उन्हाळ्याच्या तोंडावर हक्कसोडपत्राच्या नोंदणीचा दिवस ठरला. ताई मोताळ्याकडून आली, तिकडे तिचं सासर आहे. मायला मी गावाहून घेऊन आलो, कारण वारस म्हणून तिचीही सही लागत होती. नोंदणीच्या कचेरीत बाकावर बसल्या बसल्या ताईनं मला टोमणा मारला.

"साडी तरी बरी घेजो, भाऊ. मांगच्या खेपेचं तर म्या पोतेरं केलं."

"या वेळेस तूच पसंत कर, ताई."

"हाव, अन् तुही बायको रंग ठरवन."

मायची पाळी आली तेव्हा लिहून घेणाऱ्यानं सवयीनं शाईचं पॅड पुढे सरकवलं. तिनं ते बाजूला केलं. "सही येते मले," ती म्हणाली. पेन कसा धरावा हे क्षणभर बघितलं, मग माझ्याकडे वळून हळूच विचारलं, "म्या लेखी देलं तसंच हाय ना यात?"

"हाव, माय."

तिनं आयुष्यातली पहिली सही केली. एकेक अक्षर, वरची रेघ शेवटी. ताई ते बघत होती. मायची सही झाल्यावर तिनं काही न विचारता पेन घेतला आणि आपली सही केली.

त्याच आठवड्यात मी तो कागद लॅमिनेट करून भिंतीवर लावला. मध्ये माय एकदा आली तेव्हा तिनं तो बघितला आणि पदरानं पुसला. धूळ नव्हती.

दिवाळीत भाऊबीजेला ताई आली. बायको आत ओवाळणीचं ताट करत होती. मी पाणी घेऊन बाहेर आलो तर ताई भिंतीसमोर उभी होती. तिचं बोट कागदावर पहिल्या चौकटीपासून खाली उतरत होतं, तळाशी पोचून शेजारच्या चौकटीत सरकत होतं आणि तिथून वर चढत होतं. ओठ हलत होते. शेवटच्या उभ्या ओळीचं वरचं टोक आलं तेव्हा बोट थांबलं.

"हे कोनं लेहलं?"

"मायनं."

"कधी?"

"शिवरात्रीच्या वेळेस."

"सहीच्या आंधी?"

"हाव."

"तू वाचलं होतं?"

"वाचलं ना. असेच शब्द आहेत ते, ताई."

तिनं माझ्या हातातला पाण्याचा पेला घेऊन टेबलावर ठेवला. माझं बोट धरलं, अक्षर गिरवायला शिकवताना धरतात तसं, आणि पहिल्या चौकटीवर टेकवलं. "खाली चाल," ती म्हणाली. मी खाली गेलो. बाबू, वावर, दोघायचं, आहे, तुले, नदीकडचं. तळाशी पोचल्यावर माझं बोट आपोआप दुसऱ्या ओळीच्या वरच्या टोकाला निघालं. तिनं ते तिथंच धरून ठेवलं.

"तिकडं कुठं चालला? बाई निंदत निंदत बांधापर्यंत पोचली. आता थे रिकाम्या हातानं पयल्या बांधावर वापस जाईन काय? बाजूची पात धरते अन् निंदत वापस येते."

पात म्हणजे निंदताना प्रत्येक बाईच्या वाट्याला येणारा पट्टा. एक पात धरून खाली जायचं, दुसरी धरून वर यायचं. माय चाळीस वर्षं अशीच चालली होती. पेन्सिल हातात आल्यावरही ती तशीच चालली. चौकटींमधून खाली उतरायला तिला वर्गानं शिकवलं होतं. खालून परत कसं यायचं ते तिला शिकवायची गरजच नव्हती.

मी शेजारच्या ओळीनं वर गेलो, तिसरीनं खाली, चौथीनं वर.

"बाबू, वावर दोघायचं आहे. तुले नदीकडचं, पोरीले विहिरीकडचं. तिची सही घेऊ नको. तिनं माह्यासंगं पात धरली म्हणून तू शिकला. हे मी लेखी देऊन राह्यली."

बायको ताट घेऊन दारात उभी होती. निरांजन पेटलेलं होतं.

"ताई," मी म्हणालो.

"बस पाटावर," ती म्हणाली. "दिवा इझन."

तिनं मला ओवाळलं. कुंकू लावताना तिचा हात नेहमीसारखाच होता. मी ओवाळणी टाकली ती तिनं घेतली. मग ताट खाली ठेवून, माझ्याकडे न बघता म्हणाली, "वावराचं नाई वाटत मले एवढं. भाऊच तो, नेते तर नेते. पन मायनं सही केली म्हणून म्या केली. मले वाटलं, तिच्याच मनात नाई मले काही द्याचं. सात मयने मी तेच घेऊन हिंडून राह्यली. माय फोन करे तर मी दोन शब्दांत ठेवून देत होती."

वावर मी परत देऊ शकत होतो. ते सात महिने कुणाला देता येणार होते?

ती गेल्यावर मी कपाटातलं पाकीट काढलं. दहा चिठ्ठ्या. दोघायचं, नदीकडचं, विहिरीकडचं एकीकडे ठेवल्या. उरलेल्या सात क्रमानं लावल्या तर एक अख्खं वाक्य त्यांत जसंच्या तसं होतं: तिनं माह्यासंगं पात धरली म्हणून तू शिकला. माझ्या कोड्याच्या उत्तरातून नेमकं तेवढं वाक्य मी अखंड बाहेर काढून ठेवलं होतं. कुणी सांगून केलं असतं तरी इतकं नेमकं झालं नसतं. भर कार्यक्रमात हेच वाक्य मी किती वेळा बोललो होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावाला गेलो. माय ओट्यावर कापसातला कचरा वेचत बसली होती. मी समोर बसलो. काय बोलायचं ते एसटीत दोन तास जुळवत आलो होतो, पण ऐन वेळी सरळच बोललो.

"माय, तू लेखी दिलं तसं झालं नाई."

तिचे हात चालूच राहिले. "मंग माही सही कायची घेतली?"

मी सांगितलं. तिनं ऐकलं. बोंडाची एक काडी अडकली होती ती ओढून काढली.

"तुले वाचता आलं नाई?"

"नाई."

"तू तं म्हणला समजलं."

"म्हणलो."

"नाई समजलं तं इचारलं काऊन नाई?"

या प्रश्नाचं उत्तर एवढंच होतं: विचारलं असतं तर तिनं सांगितलं असतं.

"मी परत करतो," मी म्हणालो. "विहिरीकडचं ताईच्या नावावर करून देतो. बक्षीसपत्र करता येते. दिवाळीच्या सुट्ट्या संपल्या की..."

ती उठली. गुडघ्यावर हात ठेवून घरात गेली आणि वर्गातला चौकटींचा कोरा कागद आणि पेन्सिल घेऊन आली. दोन्ही माझ्यापुढे ठेवलं.

"तोंडी नको सांगू," ती म्हणाली. "लेखी दे."

तिच्या आवाजात टोमणा नव्हता. मी तिला जे शिकवलं होतं तेच ती मला सांगत होती.

मी लिहिलं. एका चौकटीत एक शब्द, सोपे शब्द, मोठं अक्षर. कागद तिच्याकडे दिला. तिनं पहिल्या चौकटीवर बोट ठेवलं आणि खाली उतरायला लागली. दोन-तीन शब्दांनंतर तिच्या कपाळावर आठ्या पडल्या. तळापर्यंत गेली, शेजारच्या ओळीनं वर आली. मग कागद माझ्याकडे परत केला.

"कायचं काय लेहलं बाबू हे. लागत नाई."

मी सवयीनं डावीकडून उजवीकडे लिहीत गेलो होतो. तिच्या हातातला तो कागद वेड्यासारखा दिसत होता. ती हसली नाही. तिनं पेन्सिलीच्या मागचं रबर मला बोटानं दाखवलं, आणि पुन्हा कापसात हात घातला.

मी सगळं खोडलं आणि पुन्हा लिहिलं, वरून खाली. तळाची चौकट भरल्यावर हात थांबला. मग बाजूची पात धरली आणि वर येत गेलो. हे वाटतं तितकं सोपं नाही. शब्द उलट्या दिशेनं चढवताना पुढचं वाक्य डोक्यात पक्कं असावं लागतं, नाहीतर मध्येच चुकतं. मी दोनदा चुकलो. बी.ए. मराठी.

या वेळी तिला लागलं. ओठ हलवत, बोट खाली-वर नेत तिनं शेवटपर्यंत वाचलं. मध्ये एका शब्दावर अडली तेव्हा मी सांगायला गेलो तर हातानंच थांबवलं. वाचून झाल्यावर कागद पालथा करून मागं काही आहे का ते बघितलं.

"सही राह्यली," ती म्हणाली.

मी सही केली. तिनं कागदाची घडी घातली आणि त्याच प्लास्टिकच्या थैलीत ठेवली. "आता तिले फोन लाव," ती म्हणाली. "मले बोलू दे."

बक्षीसपत्र दोन महिन्यांनी झालं. ताईनं आधी नको म्हटलं, मग मायनं तिला काय सांगितलं मला माहीत नाही, पण ती आली. तिचं नाव उताऱ्यावर लागेपर्यंत मायनं माझा कागद मला परत दिला नाही. लागल्यावर उताऱ्याची प्रत घेऊन मी गावाला गेलो आणि तिला दाखवली. तिनं ताईचं नाव अक्षर अक्षर लावून वाचलं.

"मंग तो माहा कागद दे आता," मी म्हणालो.

"राहू दे माह्यापाशी," ती म्हणाली.